काचेचं छत

"छतबी काचेचं?" मामींनी लाटणं थांबवून विचारलं. "मग उडदाचे पापड त्याच्यातच वाळतीन ना भो!"

मे महिन्यातल्या भुसावळात बसून रेल्वेच्या व्हिस्टाडोम डब्याचं कौतुक सांगायला गेलं की असंच होतं. पारा ४५ च्या पुढे, रस्त्यावर चिटपाखरू नाही, कूलरमध्ये तिसरी बादली ओतून झालेली. काचेखाली बसायला लोक ज्यादा पैसे मोजतात, हे या गावाला पटवायचं कसं? आमच्याकडे छताची किंमत त्याच्या जाडीवर. जुन्या धाब्याच्या घरांवर मातीचा चांगला थर असायचा आणि उजेडापुरतं एक सानं, म्हणजे छतातलं भोक. पाऊस आला की तेही झाकायचं. घरात आभाळ घ्यायचं ते एवढंच, मोजून.

तर मागच्या जुलैत मी मामांना डेक्कन एक्सप्रेसच्या त्या डब्यातून मुंबईहून पुण्याला नेलं. या गाडीला हा डबा २०२१ पासून आहे. ४४ खुर्च्या, हव्या तिकडे फिरवता येणाऱ्या. मामा आयुष्यभर मालगाडीवर ड्रायव्हर. केळीच्या बागांमधून खंडव्याकडे, नाहीतर चाळीसगाव-मनमाडवरून इगतपुरीकडे. त्यांना 'दृश्य' दाखवायला न्यायचं म्हणजे हलवायाला पेढा द्यायचा, हे मला तेव्हा सुचलं नाही.

खरं तर हे काचेचं खूळ मुळात इंजिनातच सुचलेलं. १९४४ साली अमेरिकेत, कोलोरॅडोतल्या ग्लेनवूड कॅन्यनमधून जनरल मोटर्सचे एक अधिकारी, सायरस ऑस्बर्न, डिझेल इंजिनात बसून चालले होते. दोन्हीकडे कडे, खाली नदी. त्यांच्या मनात आलं, ही मजा ड्रायव्हरला फुकट आणि मागे तिकीट काढून बसलेल्याच्या वाट्याला मात्र एवढीशी खिडकी! पुढच्याच वर्षी बर्लिंग्टन रेल्वेने आपल्या एका डब्याच्या टपावर काचेचा घुमट चढवून 'सिल्व्हर डोम' रुळावर आणला. घुमटात २४ जागा. टपाच्या वर डोकं काढून पुढची अख्खी गाडी वळताना बघायची.

ही गोष्ट मी मामांना दादर सुटल्यावर रंगवून सांगितली. ते म्हणाले, "आपल्याकडे घुमट काढशीन कुठं? वर तार आहे."

आणि मग ते तारेकडेच बघत बसले. कर्जतला मागून बँकर, म्हणजे चढावर गाडी ढकलणारी इंजिनं लागली, गाडी घाटात शिरली, डब्यात एकच गलका. धबधबा आला की निम्मा डबा डावीकडे, मग निम्मा उजवीकडे, सगळ्यांचे फोन वर. काचेवर पावसाचे थेंब मागे मागे पळत होते. मामा मान वर करून शांत. "बघ," त्यांनी मला कोपर मारलं, "सरळ दिसते का तार?"

सरळ नव्हती. एका खांबाशी रुळाच्या मध्यापासून वीतभर इकडे, पुढच्या खांबाशी वीतभर तिकडे, अशी नागमोडी ताणलेली. मला वाटलं, ढिली पडलीय. मामा हसले. तार सरळ असती तर तिच्यातून वीज घेणाऱ्या, इंजिनावरच्या पँटोग्राफच्या पट्टीला एकाच जागी घासून खाच पडली असती. म्हणून तिला मुद्दाम इकडून तिकडे फिरवतात, म्हणजे पट्टी सगळीकडून सारखी झिजते. इतकी वर्षं त्या तारेखाली गाडी चालवली, पण ती अशी निवांत, पाठ टेकून कधी बघितली नव्हती म्हणे. ड्रायव्हरने वर बघायचं नसतं, सिग्नल बघायचा असतो.

सिग्नलचं तर विचारूच नका. घाटात एका सिग्नलला त्यांचा हात आपोआप उठला आणि तोंडातून पुकार निघाला. इंजिनात ड्रायव्हर आणि असिस्टंट सिग्नल एकमेकांना मोठ्याने सांगतात, ती सवय. समोरच्या बाईंना वाटलं, धबधबा दाखवतायत. त्या वळून शोधत राहिल्या.

ऑस्बर्नसाहेबांना जे फुकट वाटलं, त्याचं भाडं मामांनी किती भरलंय ते मामींना माहीत. रात्री-अपरात्री ड्युटीचा कॉल, परगावच्या रनिंग रूममधली झोप, दिवाळीच्या फराळाचा डबा चौथ्या दिवशी उघडलेला.

"मग दिसलं काय शेवटी?" मामींनी विचारलं.

"तार," मी म्हणालो.

"हां." पोळपाटावर पुढची लाटी आली.

रात्री गच्चीवर गाद्या घातल्या. फरशी अजून गरम, वारा नाही, वर चांदण्याच चांदण्या. तापीच्या पुलाकडून मालगाडीचा आवाज आला, लांबवर खडखडत राहिला. मामांचे डोळे मिटलेलेच होते.

"रिकामी आहे," ते म्हणाले.

"झोपा आता," मामी म्हणाल्या.