स्कूनशिप आणि पदांचा ढीग

कणांच्या टकरींच्या गणितात गॅमा मॅट्रिक्सच्या (इलेक्ट्रॉनसारख्या कणांच्या समीकरणातल्या संख्यांच्या चौकटींच्या) गुणाकाराचा ट्रेस, म्हणजे कर्णावरच्या संख्यांची बेरीज, काढावी लागते. नियम सोपा आहे, छळते ती पदांची संख्या. चार गॅमांच्या ट्रेसमधून 3 पदे निघतात, सहांमधून 15, आठांमधून 105, दहांमधून 945 आणि बारांमधून 10,395. कागदावर एक उणे चिन्ह निसटले की सगळे मुसळ केरात.

भौतिकशास्त्रज्ञ मार्टिनस वेल्टमन यांनी 1963 मध्ये असे बीजगणित करणारा प्रोग्राम, स्कूनशिप, लिहायला घेतला, तोही आयबीएम 7094 संगणकासाठी थेट असेम्ब्लीत, म्हणजे यंत्राच्या स्वतःच्या सूचनांत. डब्ल्यू बोसॉनच्या (दुर्बल बल वाहणाऱ्या कणाच्या) चतुर्ध्रुव आघूर्णाच्या, म्हणजे त्याच्या विद्युतभाराच्या वाटणीच्या एका मापाच्या, गणितात मधल्या टप्प्यावर सुमारे 50,000 पदे होत होती. त्याच सुमारास अँथनी हर्न यांचा लिस्प भाषेतला असाच प्रोग्राम, रिड्यूस, सुरू झाला. तो सर्वसाधारण बीजगणितासाठी अधिक सोयीचा, पण राशी मेमरीत मावली नाही की काम अडायचे. स्कूनशिप एका वेळी एकच पद हाती घेते, बाकीची टेपवर किंवा डिस्कवर थांबतात. याची किंमतही आहे: अवयव पाडण्यासारखी, पूर्ण राशी एकदम समोर लागणारी क्रिया अशा रचनेत अवघड जाते. माझ्या मते हा सौदा फायद्याचाच होता.

सरूप पदे एकमेकांना खोडतात ती क्रम लावताना, त्याआधी नाही. म्हणून 'संवेगाचा वर्ग म्हणजे वस्तुमानाचा वर्ग' अशा अटी आधी घालाव्यात, मग क्रम लावावा आणि त्यानंतरच पुढचा गुणाकार करावा. दोन मोठे कंस आधी गुणून अटी शेवटी घातल्या, तर उत्तर चार ओळींचे असूनही डिस्क भरते.

दुसरी चूक मितींची. इलेक्ट्रॉन-पॉझिट्रॉनपासून म्यूऑनची जोडी घ्या. वस्तुमाने सोडून द्या. इलेक्ट्रॉन-पॉझिट्रॉनचे संवेग प, प′ आणि म्यूऑनचे क, क′. दोन ट्रेस जोडल्यावर मिळते:

16 [ 2(प·क)(प′·क′) + 2(प·क′)(प′·क) + (न − 4)(प·प′)(क·क′) ]

न म्हणजे मितींची संख्या; अनंत येणारी उत्तरे आवरता यावीत म्हणून ती चार न धरता मोकळी ठेवतात. शेवटचा गुणक −2 −2 + न असा येतो. चार मितींत तो शून्य. पण लूपच्या (मध्येच निर्माण होऊन विरणाऱ्या कणांच्या वळशांच्या) गणितात बाहेर 1/(न − 4) असेल, तर याच पदातून सांत, म्हणजे अनंत नसलेला, भाग उरतो. न = 4 आधीच ठेवले तर तो गुपचूप गळतो, आणि प्रोग्राम तक्रार करत नाही.

असेम्ब्लीमुळे वेग मिळाला, पण यंत्र बदलले की पुन्हा लिहिणे आले. स्कूनशिप सीडीसी 6600 संगणकावर गेले, पुढे मोटोरोला 68000 प्रोसेसरवर. योस वेर्मासेरेन यांनी 1989 मध्ये आणलेला प्रोग्राम, फॉर्म, सी भाषेत आहे. पदांची हाताळणी त्याच वळणाची. 1997 मध्ये क्वांटम क्रोमोडायनॅमिक्सचे (क्वार्कना बांधणाऱ्या बलाच्या सिद्धांताचे) चार लूपचे बीटा फलन, म्हणजे ते बल ऊर्जेनुसार कसे बदलते हे सांगणारे सूत्र, त्यावरच निघाले.

गॅमा-पाचचे (चार गॅमांच्या गुणाकारातून बनणाऱ्या मॅट्रिक्सचे) त्रांगडे मात्र कुठलाही प्रोग्राम परस्पर सोडवत नाही. न मितींत तो बाकी सर्व गॅमांशी प्रतिक्रमनिरपेक्ष (क्रम उलटला की चिन्ह बदलणारा) मानला, तर ट्रेस कुठून वाचायला सुरुवात केली यावर उत्तर बदलू शकते. भौतिकशास्त्रज्ञ जेरार्ड ट हूफ्ट आणि वेल्टमन यांच्या पद्धतीत तो फक्त पहिल्या चार मितींतल्या गॅमांशी तसा वागतो, उरलेल्यांशी क्रमनिरपेक्ष (क्रम उलटला तरी तोच) राहतो. कोणती पद्धत घ्यायची हे पहिली ओळ लिहिण्याआधीच ठरवा.