कल्याणी आणि व्हायोलिनचा ताफा

‘सुंदरी कण्णाल ओरु सेय्दि’ हे ‘दळपती’ (१९९१) या तमिळ चित्रपटातले युगुलगीत कल्याणी रागात आहे. म्हणजे नुसत्या स्वरांचा हिशेब करायचा तर आपल्या यमनात. कर्नाटक संगीतातल्या ७२ मेळांपैकी, म्हणजे मूळ स्वरसप्तकांपैकी, हा पासष्टावा. मध्यम तीव्र, बाकी सारे शुद्ध. तरीही ते ऐकताना यमनातल्या एकाही नाट्यगीताची आठवण होत नाही, कारण यमन ज्या स्वरावर निवांत विसावतो, त्याच स्वराला कल्याणी गमकाने, म्हणजे स्वराच्या आंदोलनाने, हलता ठेवते.

गाण्याचे संगीतकार इळैयराजा यांच्यापुढचा पेच नेमका इथे होता. हार्मनीला स्थिर स्वर लागतात, एकावर एक रचलेले स्वर डोलू लागले तर रचनाच ढासळते. आणि गमक काढून टाकले, तर कल्याणीचे केवळ सप्तक उरते. मद्रासमध्ये धनराज मास्तरांकडे पाश्चात्त्य संगीत आणि टी. व्ही. गोपालकृष्णन यांच्याकडे कर्नाटक संगीत शिकलेल्या या संगीतकाराने सरळ वाटणी करून टाकली, असे मला वाटते: हलते स्वर दोन गळ्यांकडे, स्थिर स्वर व्हायोलिनच्या ताफ्याकडे. त्यामुळे एस. जानकी एखादी ओळ नाजूक वळणाने खाली आणतात तेव्हा वाद्ये त्या वळणाची नक्कल करत बसत नाहीत. ती मागे पसरून राहतात आणि ओळ संपल्यावरच उसळतात. एस. पी. बालसुब्रह्मण्यम यांनी तर शास्त्रीय संगीताचे रीतसर शिक्षण घेतलेले नव्हते, हे त्यांची सहज फिरत ऐकताना खरे वाटत नाही.

पडद्यावर स्वप्नातले युद्ध आहे. सामुराई धाटणीतला रजनीकांत (मूळचा मराठी घरातला शिवाजीराव गायकवाड) रणांगणात आणि शोभना विरहात. वेशभूषा मला जराशी भडकच वाटते, पण वाद्यवृंदाच्या त्या उसळीला असे काही भव्य हवेच होते. शिवाय या तमिळ गाण्याचे ध्वनिमुद्रण झाले मुंबईत, हिंदी चित्रपटसंगीतात मुरलेल्या वादकांच्या साथीने.

‘दळपती’चे दिग्दर्शक मणिरत्नम यांनी पुढच्याच वर्षी ‘रोजा’साठी ए. आर. रहमान यांना घेतले आणि इळैयराजांबरोबरची त्यांची जोडी तिथेच संपली. रहमान यांची गाणी मला प्रिय आहेत. तरी इतका मोठा वाद्यमेळ असूनही गळ्यांना इतकी मोकळी जागा ठेवणारे गाणे मला त्यांच्याकडे क्वचितच सापडते.