सहा नंबरची पोरगी

फेब्रुवारीत अमेरिकेच्या मिडवेस्टमध्ये कॉलेज टेनिस छपराखालीच खेळावं लागतं. आमच्या इनडोअर हॉलमध्ये कोर्टं चार, आणि सिंगल्सच्या मॅचेस सहा. नंबर ताकदीच्या क्रमाने, म्हणजे एक ते चार नंबरच्या मुली आधी उतरणार. पाच आणि सहा नंबरने कोर्ट रिकामं होईपर्यंत ताटकळायचं. या ताटकळणाऱ्या मुली असिस्टंट कोचच्या, म्हणजे माझ्या वाट्याला.

दोन कॉलेजांच्या लढतीत एकूण सात पॉइंट. डबल्सच्या तिन्ही मॅचेस मिळून एक, सिंगल्सचे सहा. चार पॉइंट आधी झाले तो संघ जिंकला. मग उरलेल्या मॅचेस बहुतेक तिथेच थांबवतात. सहा नंबरच्या मुलीचं दुखणं हेच. तिचा पॉइंट एक नंबरच्या पॉइंटएवढाच, पण खेळायला मिळेल की नाही याचाच भरवसा नाही. मीही पुण्याहून स्कॉलरशिपवर आले ती याच नंबरला खेळायला. घरचे अजून विचारतात, ऋतुजा भोसले टेक्सास ए अँड एमकडून खेळली, मग प्रो झाली, 2023 ला बोपण्णाबरोबर एशियाडचं सोनं घेऊन आली, तू कोचच का झालीस? माझी सेकंड सर्व्ह बघितली असती तर विचारलं नसतं.

त्या शनिवारी डबल्सचा पॉइंट गेला, आणि एक नंबरची मुलगी तासाभरात हरली. 0-2. आमची पाच नंबर त्या कोर्टावर गेली. सहा नंबर कॉरिडॉरमध्ये फरशीवर बसून फोनवर लाइव्ह स्कोअर बघत होती. एव्हाना ग्रिप दोनदा गुंडाळून झाली होती. फोन काढून घेतला, तिला फिजिओच्या खोलीत नेलं आणि किटमधून पत्ते काढले. सात-आठचा डाव मी सगळ्याच मुलींना शिकवलाय. दोघींतच होतो, आणि हात मोजायचे असल्यामुळे डोकं दुसरीकडे जात नाही. थोड्या थोड्या वेळाने दोरीवरच्या उड्या, की परत पत्ते. भिंतीपलीकडे आरडाओरडा झाला की तिची मान वळायची. मी म्हणायचे, "हुकूम बोल."

दोन नंबरने मॅच काढली आणि हिला कोर्ट मिळालं. पुढे तीन नंबर जिंकली, चार हरली, पाच जिंकली. 3-3. बाकी सगळी कोर्टं थंड, दोन्ही संघ जाळीला चिकटून किंचाळतायत, आणि हिचा तिसरा सेट 4-4, समोरच्या मुलीच्या सर्व्हवर ड्यूस.

कॉलेज टेनिसमध्ये कोचला कोर्टावर उभं राहून बोलता येतं, आणि ड्यूसला, म्हणजे 40-40 ला, अ‍ॅडव्हांटेज नसतो. एकच पॉइंट, तोच गेम. सर्व्ह कुठल्या बाजूला घ्यायची ते रिसीव्हर ठरवते. समोरची डावखुरी. डावऱ्यांची सर्व्ह आपल्या डाव्या बाजूला बाहेर वळत जाते आणि उजव्या हाताच्या मुलीला बॅकहँडवर पार कोर्टाबाहेर ओढते. मी बोटाने उजवी बाजू खुणावली. तिने बघितलं, मान हलवली आणि डावीकडे जाऊन उभी राहिली. तीही कडेच्या ट्रॅमलाइनच्या जवळजवळ बाहेर, मधली रेष सताड उघडी टाकून. माझ्या पोटात गोळा.

सर्व्ह मधल्या रेषेवरच आली. ती आधीच तिकडे निघाली होती. फोरहँड, क्रॉसकोर्ट, विनर. चेंजओव्हरला पाणी पिता पिता म्हणाली, "डबल्समध्ये अडचणीत आली की ती मधेच टाकत होती." त्या वेळी मी दुसऱ्या कोर्टावर होते.

ती मॅच आम्ही हरलो. 5-4 वर आमच्या मुलीच्या सर्व्हिसचा गेम गेला, पुढे सेटही 7-5 ने गेला. संघ 4-3 ने हरला. समोरच्या मुली एकमेकींवर ढीग करून पडल्या, आणि आमच्या तिला मिठ्या मारून आत घेऊन गेल्या.

सोमवारी पुढच्या सामन्याची लाइनअप ठरवायची होती. नियमाने मुली ताकदीच्या क्रमानेच लावाव्या लागतात. मी हेड कोचना म्हटलं, हिला पाचवर घ्या. ते म्हणाले, पाच नंबर जिंकलीय, सहा हरलीय, मी कुठल्या तोंडाने बदलू? मी त्यांना तो ड्यूसचा पॉइंट कागदावर काढून दाखवला. त्यांनी कागद घेतला आणि म्हणाले, दोघींची प्रॅक्टिस मॅच लाव, मग बघू. गुरुवारी आहे.