कला, पटल आणि आवरण

शरीररचनेविषयी वाचताना शरीरातल्या पातळ पापुद्र्यासाठी येणाऱ्या ‘कला’ या शब्दापाशी मी नेहमी रेंगाळतो. सुश्रुतसंहिता या प्राचीन आयुर्वेदिक ग्रंथाच्या शारीरस्थान या भागात धातू (रक्त, मांस यांसारखे शरीराचे घटक) आणि आशय (शरीरातल्या साठवणीच्या जागा) यांच्यामधील मर्यादेला कला म्हटले असून अशा ७ कला सांगितल्या आहेत. म्हणजे तिथे पापुद्र्याच्या पातळपणापेक्षा सीमेची कल्पना मोलाची आहे. आजच्या मराठीत पटल आणि आवरण हे शब्द अधिक रुळले आहेत. गालाच्या आतून जीभ फिरवली की जो ओलसर, गुळगुळीत थर लागतो, ते श्लेष्मल पटल. फुप्फुसावरणाचे मात्र दोन थर असतात आणि त्यांच्यामध्ये किंचित द्रव असतो, त्यामुळे प्रत्येक श्वासाबरोबर फुप्फुस छातीच्या भिंतीला न घासता अलगद सरकते. या दोन्हींना सरसकट ‘आतली त्वचा’ म्हणणे मला खटकते.