तुम्ही विचारलेत म्हणून: आर्थर राउलीचे ४३४ गोल

फुटबॉलच्या गप्पांत मी जुना इंग्लिश फुटबॉलपटू आर्थर राउलीचे नाव काढले की समोरचा माणूस, सभ्य असेल तर जरा थांबून, एकच प्रश्न विचारतो: जो इंग्लंडच्या मुख्य संघाकडून एकदाही खेळला नाही आणि ज्याचे बहुतेक गोल लीगच्या खालच्या श्रेणींत (डिव्हिजनमध्ये) झाले, त्याच्या विक्रमाला एवढा मान कशासाठी? ६१९ सामन्यांत ४३४ गोल हा आकडा आणि इंग्लिश लीगमध्ये आजवर तो कोणी ओलांडलेला नाही ही गोष्ट विचारणाऱ्यांना ठाऊक असते. त्यांना शंका असते ती त्या गोलांच्या किमतीची. तेव्हा एकदा सविस्तर उत्तर देऊन टाकतो.

पूर्वी मी सगळा दोष निवड करणाऱ्यांच्या माथी मारत असे. खालच्या श्रेणीतल्या माणसाकडे त्यांचे लक्षच जात नव्हते, असे माझे म्हणणे असे. पण टॉमी लॉटन १९४७ साली चेल्सी सोडून तिसऱ्या श्रेणीतल्या नॉट्स काउंटीकडे गेला आणि तिथे असतानाही इंग्लंडकडून खेळला. राउली हे आडनावही त्यांना अपरिचित नव्हते. आर्थरचा थोरला भाऊ जॅक मँचेस्टर युनायटेडचा. त्याने १९४९ मध्ये उत्तर आयर्लंडविरुद्ध इंग्लंडसाठी एकाच सामन्यात चार गोल केले होते. पुढे त्या जागेवर नॅट लॉफ्टहाउस आला, ज्याने ३३ आंतरराष्ट्रीय सामन्यांत ३० गोल केले. धाकट्या राउलीच्या वाट्याला फक्त ‘ब’ संघाचा, म्हणजे दुय्यम संघाचा, एक सामना आला. तो अन्यायच होता असे आज मी छातीठोकपणे म्हणणार नाही, आणि नव्हता असेही म्हणवत नाही.

दुसरी अडचण मीच सांगतो. फुलहॅमबरोबर वर चढून १९४९-५० मध्ये तो पहिल्या श्रेणीत खेळला तेव्हा त्याचे गोल होते आठ, आणि मोसम संपताच फुलहॅमने त्याला दुसऱ्या श्रेणीतल्या लेस्टर सिटीला विकले. टीकाकार इथेच थांबतात. त्यांनी पुढे वाचावे अशी माझी अपेक्षा आहे. लेस्टरकडून १९५४-५५ मध्ये, संघ पहिल्या श्रेणीतून खाली घसरत असताना, याच माणसाने २३ गोल केले. १९५६-५७ मध्ये ४४ गोल करून त्याने संघाला पुन्हा वर नेले.

आता १९५८ चा उन्हाळा. माझे सारे म्हणणे त्या उन्हाळ्यावर उभे आहे, म्हणून इथे घाई करणार नाही. त्या मोसमात लेस्टर पहिल्या श्रेणीत कसेबसे टिकले होते. खाली गेलेल्या संडरलंडपेक्षा त्यांचा एकच गुण जास्त होता. राउलीने २५ सामन्यांत २० गोल केले होते. ज्या संघाचा जीव एका गुणावर वाचला त्याने असा माणूस जिवापाड जपायला हवा होता, असे कोणालाही वाटेल. क्लबने त्याला विकले. वय बत्तीस, अंगाने भारी, पायांना वेग नाही, अशी कारणे सांगितली जातात, आणि ती खोटी नाहीत. राउली कधीच चपळ नव्हता. त्याच्याकडे होता तो डावा पाय, आणि चेंडू कुठे येणार हे आधी ओळखण्याची जाण. सुमारे सात हजार पौंडांत तो श्रूझबरी टाउनकडे गेला, खेळाडू आणि व्यवस्थापक अशा दुहेरी नात्याने. श्रूझबरी नव्याने सुरू होणाऱ्या चौथ्या श्रेणीत पडले होते, म्हणजे वीस गोल करणारा माणूस एका उन्हाळ्यात तीन पायऱ्या उतरला.

याला तुम्ही अधोगती म्हणता. तशी ती दिसते, कारण आपण आजच्या पैशाच्या चष्म्यातून पाहतो. त्या काळी खेळाडूच्या पगाराला कमाल मर्यादा होती, १९५८ मध्ये आठवड्याला वीस पौंड, आणि ती चारही श्रेणींना एकच होती. ती जानेवारी १९६१ मध्ये उठली. तोवर पहिल्या श्रेणीतल्या नामवंतालाही पगार म्हणून त्याहून जास्त देता येत नसे. शिवाय करार संपला तरी क्लबने सोडल्याशिवाय खेळाडूला दुसरीकडे जाता येत नसे. त्यामुळे कोण कोणत्या श्रेणीत खेळतो यावरून त्याची लायकी आज जितकी ठरवता येते, तितकी तेव्हा ठरवता येत नव्हती. बत्तिसाव्या वर्षी खेळणे चालू ठेवून संघही हाती येणे हा काही वाईट सौदा नव्हता.

त्याने पहिल्याच मोसमात ३८ गोल केले आणि श्रूझबरीला वर नेले. त्यांचे गे मेडो हे मैदान सेव्हर्न नदीच्या अगदी काठावर होते, इतके की नदीत गेलेले चेंडू आणायला टोपलीसारख्या गोल होडीत एक माणूस बसलेला असे. (हे मी विषयांतर करून सांगतो, कारण मला आवडते.) १९६०-६१ मध्ये, लीग कप या बाद पद्धतीच्या स्पर्धेच्या पहिल्याच वर्षी, या संघाने एव्हर्टनला हरवून उपांत्य फेरी गाठली. व्यवस्थापक राउली, आणि मैदानातही राउली.

त्याच वर्षी त्याने डिक्सी डीनचा ३७९ गोलांचा विक्रम मोडला. डीनच्या त्या आकड्यात ट्रॅनमियर या क्लबकडून तिसऱ्या श्रेणीत केलेले २७ गोल आहेत, आणि ते वजा करा असे डीनच्या बाबतीत मला आजवर कोणी सुचवलेले नाही.

माझा धाकटा भाऊ मात्र हे सगळे ऐकून घेतो आणि म्हणतो, “दादा, जिमी ग्रीव्ह्‌जचे ३५७ गोल आहेत, आणि सगळेच्या सगळे पहिल्या श्रेणीत.” खरे आहे. राउलीचे पहिल्या श्रेणीतले गोल ५१ भरतात. मी त्याला विचारतो की चिखलात, जड चेंडूने, आठवडाभर दुसऱ्यांचा सराव घेऊन शनिवारी स्वतः मैदानात उतरणाऱ्या पस्तिशीच्या माणसाचा गोल कोणत्या तराजूत तोलायचा. तो म्हणतो की तराजू एकच असतो. इथून पुढे आमचे भांडण सुरू होते, आणि अजून तरी दोघांपैकी कोणीही जागचा हललेला नाही.