मधुमेहींसाठी घरचा इटालियन पाव : बन्सी गहू, आंबवण आणि वजनकाटा

मधुमेह झाला म्हणून माणसाच्या ताटातून पाव कायमचा हद्दपार करावा, हे मला पटत नाही. तितकेच मला हेही पटत नाही, की "शुगर फ्री" किंवा "मल्टिग्रेन" असे छापलेला कोणताही पाव मधुमेहींनी निर्धास्त खावा. माझ्या सासूबाईंना मधुमेह आहे आणि पाव त्यांना मनापासून आवडतो, त्यामुळे या प्रश्नाचा विचार मला स्वयंपाकघरात उभे राहूनच करावा लागला. घरी इटालियन पद्धतीचा पाव भाजू लागल्यापासून माझे मत पक्के झाले आहे, की मधुमेहींसाठी काही नवी युक्ती शोधण्यापेक्षा दक्षिण इटलीतला जुना, दाट, जाड कवचाचा पाव नीट समजून घ्यावा आणि तो मोजून खावा.

पावात साखर घातली आहे की नाही, हा प्रश्न मुळात दुय्यम आहे. यीस्ट फुलवण्यासाठी घातलेली चमचाभर साखर बरीचशी यीस्टच खाऊन टाकते. रक्तातली साखर चढते ती पिठातल्या स्टार्चमुळे, आणि ती किती वेगाने चढते हे त्या स्टार्चपर्यंत पचनरस किती सहज पोहोचतात यावर ठरते. १९८१ मध्ये टोरांटोच्या डेव्हिड जेन्किन्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हा वेग मोजण्यासाठी ग्लायसेमिक इंडेक्स मांडला. त्याच्या २००८ च्या आंतरराष्ट्रीय तक्त्यात (शुद्ध ग्लुकोजचा आकडा १०० धरून) पांढऱ्या पावाचा सरासरी आकडा ७५ आहे आणि गव्हाच्या होलमील पावाचा ७४. म्हणजे गहू कोंड्यासकट घेतला, पण तो बारीक दळला, तर तंतू आणि जीवनसत्त्वे जास्त मिळतात हे खरे असले, तरी साखर चढण्याच्या वेगात जवळजवळ काहीच फरक पडत नाही. पावाचा तपकिरी रंग पाहून समाधान मानणाऱ्यांनी हे दोन आकडे शेजारी ठेवून पाहावेत. जेन्किन्स यांच्याच गटाने १९८८ मध्ये दाखवले, की पावात अख्खे किंवा भरडलेले दाणे मोठ्या प्रमाणात असले, की मधुमेही व्यक्तींची साखर हळू चढते. माझ्या पावाचा पहिला आधार हा आहे : दाणा सगळा दळायचा नाही, थोडा भरडायचा.

इटालियन पाव म्हटले की आपल्याकडच्या बेकऱ्यांत हमखास चाबाता समोर येतो. तो चवीला उत्तम असतो, पण तो काही फार जुना नाही. व्हेनेतो प्रांतातल्या आद्रिया गावच्या आर्नाल्दो काव्हाल्लारी या गिरणीवाल्याने तो १९८२ मध्ये तयार केला, आणि त्यामागे ‘बॅगेट’ या लांबट फ्रेंच पावाला इटलीत मिळणाऱ्या पसंतीला उत्तर देण्याचा हेतू होता. भरपूर पाणी, चांगला ताकदीचा मैदा आणि आत मोठमोठी हवेची जाळी असा तो पाव आहे. त्यात दाण्याचा काही अंशच उरलेला नसतो, म्हणून मधुमेहींच्या दृष्टीने मी त्याला नमुना मानत नाही. मी नमुना मानते तो पुलिया प्रांतातल्या आल्तामूरा गावचा पाव. ड्युरम या कडक, पिवळसर गव्हाचा दोनदा दळलेला बारीक रवा, नैसर्गिक आंबवण, पाणी आणि मीठ यांखेरीज त्यात काही नसते. २००३ मध्ये युरोपीय संघाने त्याच्या नावाला भौगोलिक संरक्षण दिले, तेव्हा कवचाची जाडी निदान ३ मिलिमीटर असावी, असेही नियमात लिहिले गेले. गावाभोवतीच्या मुर्जाच्या पठारावर दिवसचे दिवस घराबाहेर राहणाऱ्या शेतकऱ्यांसाठी आणि मेंढपाळांसाठी हा पाव होता. घरोघरच्या बायका पीठ तिंबून गावच्या सामाईक भट्टीवर नेत, आणि आपला पाव ओळखू यावा म्हणून त्यावर घराण्याच्या आद्याक्षरांचा लाकडी शिक्का उमटवीत. टिकण्यासाठी घडवलेला पाव साहजिकच दाट झाला, आणि दाटपणा आपल्याला हवाच आहे.

इथे ड्युरमविषयी थोडे सावध बोलले पाहिजे. पास्त्याचा ग्लायसेमिक इंडेक्स कमी असतो, म्हणून ड्युरमचा पावही तसाच असेल असे अनेकांना वाटते. पास्त्याचा गुण मुख्यतः त्याच्या घट्ट, दाबलेल्या रचनेत आहे. प्रथिनांच्या जाळ्यात स्टार्चचे कण बंदिस्त राहतात. पाव फुगतो तेव्हा ती रचना सैल होते. म्हणून ड्युरम हे नाव एकट्याने हमी देत नाही. त्याला भरड, आंबवण आणि आटोपशीर फुगवण यांची जोड लागते.

सुदैवाने ड्युरमसाठी आपल्याला इटलीकडे पाहावे लागत नाही. आपला बन्सी गहू ड्युरमच आहे, आणि त्याचा पिवळसर रवा महाराष्ट्रात शिऱ्या-उपम्यासाठी घराघरांत वापरला जातो. खपली गहू तर इटलीतही पिकतो. तस्कनीच्या गारफान्याना खोऱ्यातला फार्रो ही त्याच जातीची उपज आहे, आणि तिथे तो सूपमध्ये अख्खाच शिजवतात. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने ड्युरम आणि खपली या दोन्हींचे सुधारित वाण विकसित केले आहेत. मात्र खपली म्हणजे मधुमेहावरचे औषध, असा जो प्रचार चालतो त्याला माझा ठाम विरोध आहे. खपलीतही भरपूर स्टार्च आहे आणि ग्लुटेनही आहे. तिचा उपयोग मी भरडीसाठी करते, कारण तिचा दाणा कडक असतो आणि तिची लापशी, म्हणजे भरडलेला दाणा, भिजूनही चावायला शाबूत राहते.

दुसरा आधार आंबवणाचा. पीठ आणि पाणी कालवून ठेवलेल्या आंबवणात जंगली यीस्टबरोबर लॅक्टिक आम्ल तयार करणारे जिवाणू वाढतात. लॅक्टिक आम्लामुळे भाजताना स्टार्च आणि प्रथिने यांची बांधणी अशी होते, की स्टार्च सावकाश पचतो; ॲसेटिक आम्लामुळे जठरातले अन्न हळू पुढे सरकते. स्वीडनमधल्या लुंड विद्यापीठात यावर बरेच काम झाले आहे. दीड तासात फुगवून भाजलेल्या पावात ही आम्ले तयार व्हायला वेळच मिळत नाही. त्यामुळे घाईचा पाव कितीही चांगल्या पिठाचा असला, तरी मी तो सासूबाईंच्या ताटात वाढत नाही.

आता कृती. गिरणीतून बन्सी गहू बारीक दळून आणावा. आदल्या रात्री १५० ग्रॅम खपलीच्या लापशीवर १५० मिलीलिटर उकळते पाणी ओतून झाकून ठेवावे, आणि त्याच वेळी आंबवणाला खाऊ घालून, म्हणजे त्यात ताजे पीठ आणि पाणी कालवून, ठेवावे. सकाळी २५० ग्रॅम बन्सीचे पीठ, हलके भाजून गार केलेले ५० ग्रॅम बेसन आणि २० ग्रॅम जाडसर कुटलेले जवस परातीत घेऊन १९० मिलीलिटर पाण्यात नुसते कालवावे आणि पाऊण तास झाकून ठेवावे. हा पाऊण तास टाळू नये, कारण ड्युरमचा कण पाणी सावकाश पितो. मग १०० ग्रॅम फसफसलेले आंबवण, ज्यात निम्मे पीठ आणि निम्मे पाणी असते, ८ ग्रॅम मीठ, २० ग्रॅम ऑलिव्ह तेल आणि भिजलेली लापशी मिसळावी. बेसन घालण्याची कल्पना माझी आहे, आल्तामूराची नव्हे. त्यामुळे पावातली प्रथिने वाढतात आणि स्टार्चचा वाटा कमी होतो. याहून जास्त बेसन घातले तर पाव उठत नाही आणि उग्र वास मारतो.

बन्सीच्या पिठाची वागणूक मैद्याहून निराळी असते आणि ती हाताला कळावी लागते. सुरुवातीला ते बोटांत बारीक वाळूसारखे लागते, पाणी पिऊन झाले की चिकट होते, आणि अर्ध्या तासाने त्याला लोण्याचा मऊपणा येतो. मैद्याची कणीक ताणली की परत आखडते. बन्सीची ताणली तशीच राहते आणि जोर केला तर फाटते. म्हणून ती जोराने तिंबू नये. ओल्या हाताने एका बाजूने उचलून मधोमध दुमडावी, परात फिरवून पुन्हा तसेच करावे, आणि अर्ध्या-अर्ध्या तासाने तीन-चार वेळा हे करावे. तिसऱ्या घडीला कणकेचा पृष्ठभाग तुकतुकीत दिसू लागतो आणि परातीच्या कडेला लहान फुगे येतात. आपल्याकडच्या हवेत चार-पाच तासांत ती दीडपट होते. दुप्पट होण्याची वाट पाहू नये, कारण ड्युरमचे जाळे तेवढे ताण सोसत नाही आणि आपल्याला फुसका पावही नको असतो. मग गोळा वळून, पीठ भुरभुरलेल्या फडक्यावर टोपलीत ठेवून रात्रभर फ्रीजमध्ये ठेवावा.

घरगुती ओटीजी ओव्हनमध्ये वाफ टिकत नाही, आणि वाफेशिवाय कवच नीट होत नाही. यावर झाकणाचे जाड बिडाचे भांडे हा सर्वांत चांगला उपाय आहे. भांडे २३० अंशांवर अर्धा तास तापवावे, गोळ्यावर धारदार पात्याने एक खोल चीर द्यावी, झाकण ठेवून २५ मिनिटे आणि मग झाकण काढून २१० अंशांवर आणखी २५ मिनिटे भाजावे. कवच गडद तपकिरी झालेच पाहिजे. तळावर बोटाने वाजवल्यावर पोकळ आवाज आला आणि थर्मामीटरने आतले तापमान ९६ अंशांच्या वर दाखवले, की पाव झाला.

गरम पाव कापण्याचा मोह मधुमेहींच्या घरात विशेष आवरावा. पाव गार होताना स्टार्चचा काही भाग पुन्हा घट्ट बांधला जातो आणि तो सहज पचत नाही. ऑक्सफर्ड ब्रुक्स विद्यापीठाच्या २००८ च्या एका अभ्यासात पांढरा पाव गोठवून वितळवला, किंवा टोस्ट केला, किंवा गोठवून मग टोस्ट केला, तर साखरेची चढण ताज्या पावापेक्षा कमी राहते असे आढळले. म्हणून मी पाव दुसऱ्या दिवशी कापते, काप वेगवेगळे होतील असे मध्ये कागद घालून फ्रीझरमध्ये ठेवते आणि लागेल तेवढाच काप काढून थेट टोस्ट करते. यात चवीचे नुकसान नाही. जाड कवचाचा पाव टोस्ट केल्यावर अधिकच खमंग लागतो.

तिसरा आधार वजनकाट्याचा, आणि तिन्हींत मी तोच मोठा मानते. वरच्या प्रमाणातून सुमारे ८२५ ग्रॅमचा पाव होतो. हिशेब केला तर ४० ग्रॅमच्या एका कापात साधारण १५ ग्रॅम पचण्याजोगी कर्बोदके येतात. ३० ग्रॅम कणकेच्या पोळीत ती १९ ग्रॅमच्या आसपास असतात. म्हणजे एक काप एका पोळीच्या जागी घ्यायचा आहे, पोळीच्या जोडीला नव्हे. घरचा, पौष्टिक, आंबवणाचा म्हणून तीन-चार काप खाल्ले, तर वर सांगितलेली सगळी मेहनत वाया जाते. त्याबरोबर मोडाच्या मटकीची उसळ किंवा उकडलेली अंडी आणि भरपूर कोशिंबीर असावी, आणि आधी कोशिंबीर व उसळ खाऊन पाव शेवटी घ्यावा. सासूबाईंची साखर आम्ही जेवणाआधी आणि पहिल्या घासानंतर दोन तासांनी ग्लुकोमीटरवर पाहिली, आणि तेवढ्याच वजनाच्या बाजारच्या पांढऱ्या पावापेक्षा या पावाने ती कमी चढते असे आमच्या घरी दिसले. प्रत्येकाचे शरीर वेगळे असते, म्हणून आपापला आकडा पाहूनच ठरवावे. जे इन्सुलिन किंवा साखर एकदम उतरवणाऱ्या गोळ्या घेतात, त्यांनी आहारातली कर्बोदके आपल्या मनाने बदलू नयेत. हा हिशेब डॉक्टरांना दाखवून मगच बदल करावा.

मिठाबद्दलही एक सांगायचे आहे, कारण मधुमेहाबरोबर अनेकांना रक्तदाबही असतो. तस्कनीचा पाव परंपरेने बिनमिठाचा असतो, आणि २०१६ मध्ये त्यालाही नावाचे संरक्षण मिळाले आहे. ज्वारीची भाकरी बिनमिठाची खाणाऱ्यांना तो अपरिचित वाटणार नाही. मीठ वगळले तर कणीक लवकर आंबते, तेव्हा तासभर आधीच ती फ्रीजमध्ये ठेवावी.

ज्यांना आंबवण सांभाळणे जमत नाही, त्यांनी लिगुरियाची फारिनाता करून पाहावी. मधुमेहींच्या दृष्टीने इटलीच्या भट्टीतला हा मला सर्वांत सोयीचा पदार्थ वाटतो, कारण त्यात गहू मुळीच नाही. १५० ग्रॅम बेसन ४५० मिलीलिटर पाण्यात गुठळ्या न होऊ देता कालवावे, चार-पाच तास ठेवून वर आलेला फेस काढून टाकावा, आणि अर्धा चमचा मीठ व तीन मोठे चमचे ऑलिव्ह तेल घालून पसरट ट्रेमध्ये अर्ध्या सेंटिमीटर जाडीचे ओतावे. ओटीजी असेल तेवढा तापवून वरून सोनेरी डाग पडेपर्यंत भाजावे. धिरड्याची सवय असलेल्या घरात हे पहिल्याच खेपेला जमते, आणि वरून भरपूर मिरपूड घालून ते गरमच खावे.