पहिल्या तिघी

आज दिवसभर अमेरिकेतल्या सेलमच्या १६९२च्या चेटकिणींवरच्या खटल्यांबद्दल वाचत बसले. डोकं जड झालंय.

मॅसॅच्युसेट्समधलं छोटंसं, कडक धर्मनिष्ठ गाव. पाद्र्याच्या घरातल्या मुली झटके आल्यासारख्या किंचाळू लागल्या आणि चेटकिणींचा शोध सुरू झाला. पहिल्या तिघी कोण? पाद्र्याचीच गुलाम टिटुबा, दारोदार मागून जगणारी सारा गुड आणि चर्चला न जाणारी आजारी सारा ऑस्बोर्न. जिच्या बाजूने कोणी बोलणार नाही, नेमकी तीच बरी सापडते!

भीती खोटी नव्हती. उत्तरेच्या सीमेवर युद्ध पेटलं होतं, गावात आपसांतली भांडणं होतीच. राग निघाला भलत्यांवर.

सगळ्यात छळतंय ते हे: ‘हो, चेटूक केलं’ म्हणणारे बहुतेक वाचले. फासावर गेलेल्या १९ जणांत रेबेका नर्ससारखी देवभक्त म्हातारीही होती. (ज्युरीने तिला आधी निर्दोष ठरवलं होतं, मग फेरविचार करायला लावला!) म्हणजे संशय परक्यांपाशी थांबलाच नाही.

टिटुबाने कबुली दिली, म्हणून जगली. पण तुरुंगाचा खर्च भरायला मालक तयार नव्हता, म्हणून वर्षाहून जास्त काळ आतच. ज्याने तो भरला, त्याने तिला विकत नेलं.

न्यायाधीश सॅम्युअल स्यूअलने १६९७मध्ये जाहीर माफी मागितली. मुख्य न्यायाधीश स्टॉटनने कधीच नाही.